बाजाराचा वार धरून जावे असे गाव: बेरी सेंट एडमंड्स

मुंबईहून निघणाऱ्या इंग्लंडच्या सहलींची आखणी आता इतकी ठरून गेली आहे, की लंडन, स्टोनहेंज, शेक्सपिअरचे गाव, सरोवरांचा प्रदेश आणि एडिंबरा एवढी नावे घेतली की कार्यक्रमपत्रिका संपते. इंग्लंडच्या पूर्वेकडचा सफक परगणा तिच्यात सहसा नसतो. त्या परगण्यातले बेरी सेंट एडमंड्स हे जुने बाजाराचे गाव मात्र या यादीतल्या एखाद्या ठिकाणावर फुली मारूनही पाहावे, अशा योग्यतेचे आहे, असे माझे मत झाले. अट एवढीच, की तिथे बुधवारी किंवा शनिवारी पोहोचावे. ते बाजाराचे वार आहेत, आणि बाजार भरलेला नसताना गावात गेलात तर इमारती दिसतील, पण त्या तशा का उभ्या आहेत हे उमगणार नाही.

जुन्या इंग्लंडमध्ये बाजार भरवणे ही कोणीही उठून करण्याची गोष्ट नव्हती. त्यासाठी राजाकडून मिळालेला हक्क लागे, आणि ज्याच्याकडे तो हक्क, त्याच्या पदरात पेठेतल्या जकातीचा आणि दुकानांच्या भाड्याचा पैसा पडे. बेरीमध्ये हा हक्क गावकऱ्यांकडे नव्हता, तो तिथल्या श्रीमंत मठाकडे होता. मठ म्हणजे जमिनीचा मालक, न्यायाधीश आणि करवसुली करणारा, सगळे एकच. या मठाचे आणि पेठेतल्या व्यापाऱ्यांचे भांडण कित्येक पिढ्या चालले, त्यात माणसे मेली, आणि शेवटी १५३९ साली आठव्या हेन्रीने मठ बरखास्त केला तेव्हा कुठे ते मिटले. आज मठाचे अवशेष एका बागेत उभे आहेत आणि बाजार आठवड्यातून दोनदा भरतो. गाव पाहताना हे एवढे ध्यानात ठेवले तर दरवाजे, देवळे, संग्रहालय सगळे आपोआप एका सूत्रात बसते.

जाण्याची सोय चांगली आहे. लंडनच्या लिव्हरपूल स्ट्रीट स्थानकातून निघून स्टोमार्केटला किंवा इप्सविचला गाडी बदलता येते, किंवा केंब्रिजपर्यंत जाऊन तिथून पूर्वेकडे जाणारी छोटी गाडी पकडता येते. दोन्हीकडून साधारण दोन तास धरावेत. केंब्रिज सुमारे ४५ किलोमीटरवर असल्यामुळे तिथेच मुक्काम ठेवून एक दिवस बेरीला देणे हा सर्वांत सोपा मार्ग. आम्ही मात्र गावातच राहिलो, आणि त्याचा फायदा संध्याकाळी झाला, तो पुढे सांगते. राहण्याच्या बाबतीत एक तक्रार नोंदवते. आम्ही घेतलेल्या जुन्या खाणावळीवजा निवासाने लिफ्ट असल्याचे कळवले होते. प्रत्यक्षात लिफ्ट होती ती शेजारच्या नव्या इमारतीत, आणि आमची खोली जुन्या बाजूला, अरुंद आणि वळणाच्या लाकडी जिन्यावर. बरोबर माझी पंचाहत्तरीची आई असल्यामुळे हे महागात पडले असते, पण तिथल्या मुलीने तळमजल्यावरची खोली रिकामी करून दिली. ज्येष्ठांना घेऊन जाणाऱ्यांनी ‘लिफ्ट आहे का’ असे विचारू नये, ‘आमच्या खोलीपर्यंत लिफ्ट येते का’ असे विचारावे.

आता बाजार. तो कॉर्नहिल आणि बटर मार्केट या लगतच्या दोन मोकळ्या जागांवर भरतो, आणि सकाळी साडेनऊच्या सुमारास तो ऐन रंगात असतो. रंगीत कापडाच्या छपरांचे गाळे, त्यांत भाजी, फळे, मासळी, पाव, चीज, फुलझाडांची रोपे, आणि त्यांच्याच शेजारी मोबाइलची कव्हरे, पायमोजे आणि कुत्र्यांचे पट्टे. इंग्लंडमधल्या पर्यटनाच्या गावांत ‘बाजार’ म्हणून जे मांडलेले असते ते पुष्कळदा सुगंधी साबण आणि हाताने रंगवलेल्या मगांचे प्रदर्शन असते. इथे तसे नाही, इथे माणसे आठवड्याची भाजी न्यायला येतात. फळवाला एकेका स्टीलच्या वाडग्यात टोमॅटो, लिंबे, ढोबळी मिरची मांडून ठेवतो आणि वाडग्यावर भाव सांगतो. वजन नाही, घासाघीस नाही, वाडगा उचलून सरळ पिशवीत रिकामा करायचा. आईने दादरच्या पुलाखालच्या सवयीने वाडग्यातल्या खालच्या टोमॅटोंना हात घातला, तेव्हा त्याने हसून दुसरा वाडगा पुढे केला. रोपांच्या गाळ्यावर कोथिंबीर कुंडीत लावलेली होती. “अगं, हे जुडी विकतच नाहीत का? कुंडी घरी नेऊन कापायची?” हा आईचा प्रश्न मी गाळेवाल्या बाईंना इंग्रजीत सांगितला, तर त्यांनी अतिशय गांभीर्याने कुंडी किती दिवस टिकते, पाणी खालच्या बशीत का घालावे आणि कोथिंबीर उन्हात का बोडकी होते, हे समजावून दिले. मागे रांग होती, पण कोणी कुरकुर केली नाही.

भाव मुंबईच्या मानाने अर्थातच चढे वाटतात, आणि मनातल्या मनात रुपयांत हिशोब करणारी माणसे (आम्ही सगळेच) पहिल्या दहा मिनिटांत हबकतात. पण उन्हाळ्यात गेलात तर स्ट्रॉबेरी घ्याव्यात. महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी हिवाळ्यात येते, इथली जून-जुलैत, आणि ती शेतावरून थेट आलेली असते. तसेच ‘सफक रस्क’ नावाचा एक प्रकार बेकरीत मिळतो. छोटा पाव आडवा चिरून पुन्हा भाजलेला, वरून कुरकुरीत आणि आतून भुसभुशीत असा तो असतो. चहात बुडवून खाणाऱ्या मराठी माणसाला त्याची ओळख करून द्यावी लागत नाही. बाजार दुपारी तीननंतर आवरायला लागतो आणि गावातली बहुतेक दुकाने पाच-साडेपाचला बंद होतात. रात्री नऊ वाजता रानडे रोडवर खरेदीला निघणाऱ्यांनी हे वेळापत्रक आधीच पोटात घालावे.

बाजारातून खाली मठाकडे उतरताना ज्या रस्त्याने जावे त्याचे नाव चर्चगेट स्ट्रीट. आपल्या वीर नरिमन रोडचेही जुने नाव हेच होते आणि तोही एका कॅथीड्रलच्या दाराशी जातो. त्यामुळे मुंबईकराला पाटी पाहून क्षणभर हसू येते. पण साम्य इथेच थांबते. फोर्टातला रस्ता वसाहतीच्या काळातला, आणि हा अकराव्या शतकातला. १०६५ मध्ये बाल्डविन नावाचा फ्रेंच मठाधिपती इथे आला. तो वैद्यही होता, राजा एडवर्डवर उपचार करणारा. त्याने मठाच्या पश्चिमेला शेतजमिनीवर काटकोनात छेदणाऱ्या रस्त्यांची नवी वसाहत आखली आणि मधला रस्ता असा ओढला, की त्याच्या टोकाला मठाच्या भव्य देवळाचा दर्शनी भाग यावा. १०८६ साली इंग्लंडभर जी मोजदाद झाली, तिच्या डूम्सडे नावाच्या दप्तरात इथे पूर्वी नांगरटीखाली असलेल्या जमिनीवर आता ३४२ घरे उभी असल्याची नोंद आहे, आणि पाववाले, मद्य गाळणारे, शिंपी, धोबिणी, चांभार, आचारी अशी बलुतेदारांची यादीही आहे. साडेनऊशे वर्षांपूर्वीचे ते रस्ते आजही तसेच आहेत. नकाशा न घेता फिरा, हरवत नाही. कुठल्याही चौकातून उताराच्या दिशेने गेले की मठ येतो.

मठाचे मूळ एडमंड राजात आहे. पूर्व अँग्लिया या इथल्या जुन्या राज्याच्या या राजाला ८६९ साली डेन, म्हणजे डेन्मार्ककडच्या, आक्रमकांनी ठार केले. आख्यायिका सांगते की त्याचे तोडलेले शिर एक लांडगा राखत बसला होता आणि शोधणाऱ्यांना ‘इथे, इथे’ अशी हाक ऐकू आली. राजाला संतपद मिळाले, त्याच्या समाधीला नवस बोलले जाऊ लागले, आणि १०२० साली कॅन्यूट या डॅनिश वंशाच्याच राजाने इथे बेनेडिक्टाइन संन्याशांचा मठ स्थापला. मारणाऱ्यांच्या वंशजाने मेलेल्याचे देवस्थान उभारावे, यात भक्ती किती आणि राजकारण किती, हे ज्याचे त्याने ठरवावे. पुढे यात्रेकरूंच्या ओघामुळे आणि पेठेच्या उत्पन्नामुळे मठ इतका वाढला की त्याचे देऊळ पाचशे फुटांहून लांब झाले.

एंजल हिल या विस्तीर्ण चौकातून आत जाणारा मठाचा मोठा दरवाजा हा या गावातला माझ्या दृष्टीने सर्वांत मोलाचा ऐवज. लोक त्याच्या नक्षीचे फोटो काढतात आणि आत जातात. जरा थांबून वर पाहावे. दर्शनी भागातल्या कोनाड्यांत एकेकाळी मूर्ती होत्या, आणि त्यांच्या मागे बाण सोडण्याच्या फटी आहेत. संन्याशांच्या दाराला बाणांच्या फटी कशाला? कारण १३२७ साली गावकऱ्यांनी मठावर चाल करून जुना दरवाजा पाडला, आत लूट केली, आणि स्वतःच्या पेठेचा कारभार स्वतः करण्याची सनद मठाधिपतीकडून जबरदस्तीने लिहून घेतली. पुढच्याच वर्षी तर त्या मठाधिपतीला पळवून आधी लंडनला आणि मग समुद्रापार ब्राबंटला नेऊन कोंडले. मठाने दरवाजा पुन्हा बांधला तो हा, चौदाव्या शतकातला, बाहेरून देवाचा आणि आतून किल्ल्याचा. तरीही १३८१ च्या शेतकऱ्यांच्या बंडात मठाचा प्रायर, म्हणजे मठाधिपतीच्या खालचा अधिकारी, जॉन ऑफ केंब्रिज आणि राज्याचा मुख्य न्यायाधीश जॉन कॅव्हेंडिश या दोघांची मुंडकी तोडून बाजारात टांगण्यात आली, आणि दोघांची मैत्री होती म्हणून एकाचे तोंड दुसऱ्याच्या कानाशी लावण्यात आले. ही मुंडकी जिथे टांगली, तिथेच आपण सकाळी स्ट्रॉबेरी घेतलेल्या असतात. गावाला स्वतःचा कारभार करण्याची राजाची सनद मिळाली ती १६०६ साली, मठ जाऊन साठ-सत्तर वर्षे उलटल्यावर.

दरवाजातून आत गेले की समोर फुलांचे गोल ताटवे असलेली बाग लागते. प्रवेश विनामूल्य आहे. १८३१ साली ती वनस्पतिशास्त्रीय उद्यान म्हणून खुली झाली. आज तिथे मुलांची खेळायची जागा आणि वृद्धांसाठी पुरेसे बाक आहेत. बागेतल्या गुलाबवाटिकेत दुसऱ्या महायुद्धातल्या अमेरिकी बॉम्बफेकी विमानाच्या पंखापासून बनवलेला एक बाकही आहे. या परगण्यात तेव्हा अमेरिकी हवाईतळ होते, त्याची ही खूण. ताटव्यांपलीकडे मठाचे अवशेष सुरू होतात, आणि इथे बरेच प्रवासी निराश होतात, हे मी डोळ्यांनी पाहिले. मठ बरखास्त झाल्यावर शिसे, लाकूड आणि घडीव दगड लोकांनी घरे बांधायला नेले. उरला तो भिंतींच्या आतला भराव, म्हणजे चुन्यात बसवलेली गारगोटी. तिचे उंच, वेडेवाकडे सुळके गवतातून वर आलेले दिसतात, आणि ज्याला गोष्ट ठाऊक नाही त्याला त्यात पडक्या भिंतींपलीकडे काही दिसत नाही. जवळ जाऊन हात लावला तर मुठीएवढ्या काळ्या-पांढऱ्या गारगोट्या आणि त्यांच्यामधला, हजार वर्षांच्या पावसाने न हललेला चुना, दोन्ही बोटांना स्पष्ट लागतात. यासाठी आदल्या रात्री अर्धा तास वाचून जावे, नाहीतर बागेत सँडविच खाऊन परत येणे होईल.

मुख्य वेदीच्या जागेजवळच्या खांबावर दोन शिलालेख आहेत. राजा जॉनच्या जुलमाला कंटाळलेल्या सरदारांनी १२१४ साली इथे जमून, राजाकडून हक्कांची सनद मिळवण्याची शपथ संत एडमंडच्या वेदीपुढे घेतली, असे परंपरेने मानले जाते. पुढच्याच वर्षी मॅग्ना कार्टा, म्हणजे राजाच्या सत्तेला मर्यादा घालणारी ती सनद, आली. गावाचे ब्रीदही ‘राजाचे देवस्थान, कायद्याचा पाळणा’ अशा अर्थाचे आहे. घटनेचा इतिहास शिकलेल्यांनी इथे थोडा वेळ थांबावे. शिलालेख मात्र झिजलेले आहेत, आणि शेजारी नीट वाचता येईल असा माहितीफलक आणखी मोठा हवा होता.

अवशेषांचा सर्वांत विलक्षण भाग बागेच्या बाहेर, दफनभूमीच्या बाजूला आहे. देवळाच्या पश्चिम दर्शनी भिंतीच्या कमानींमध्ये लोकांनी पुढच्या काळात घरे बांधली. गारगोटीच्या त्या प्रचंड, विस्कटलेल्या ढिगाऱ्यात पांढऱ्या चौकटीच्या खिडक्या, खिडकीत पडदा, दाराला पितळी टपालफट. आणि त्यात माणसे राहतात. एका दारापाशी बूट पुसायचे पायपुसणे आणि त्यावर कोणाचे तरी चिखलाचे बूट होते. पुरातत्त्व म्हणजे कुंपण आणि निळा फलक, हे समीकरण डोक्यात बसलेल्या आपल्या माणसाला हे पाहून आधी राग येतो आणि मग हेवा वाटतो. याच दफनभूमीत एलिझाबेथ फ्रिंक या शिल्पकर्तीने घडवलेला एडमंडचा पुतळा आहे. राजा तरुण, सडपातळ, जवळजवळ पोरसवदा दिसतो. वेषभूषेच्या थाटामाटाशिवाय हुतात्मा कसा दाखवावा, याचा तो उत्तम नमुना आहे.

बागेतच अश्रूच्या थेंबाच्या आकाराचे एक स्मारक आहे, ते चुकवू नये. ११९० साली इथल्या ५७ ज्यूंची जमावाने हत्या केली आणि त्याच वर्षी मठाधिपती सॅमसनने उरलेल्यांना गावातून हाकलून दिले. मशीद बंदराजवळ बेने इस्रायलींनी १७९६ साली बांधलेले सिनेगॉग आणि आपल्या शेजारी पिढ्यानपिढ्या मराठी बोलत आलेली ती माणसे आठवली, की या स्मारकापुढे मुंबईकर जरा जास्त वेळ उभा राहतो. गावाच्या पर्यटनपत्रकांत सरदारांच्या शपथेला जेवढी जागा आहे, त्याच्या मानाने या घटनेला फारच थोडी दिलेली दिसली.

देवळे दोन, आणि इथे माझे मत रूढ क्रमाच्या उलट आहे. सेंट एडमंड्सबरी कॅथीड्रल १५०३ पासून जॉन वॅस्टेल या स्थपतीच्या हाताखाली नव्याने बांधले गेलेले सेंट जेम्स देऊळ होते. १९१४ साली त्याला कॅथीड्रलचा दर्जा मिळाला, आणि त्याचा १५० फुटी मनोरा तर २००५ मध्ये पूर्ण झाला. एकविसाव्या शतकात दगड, वीट आणि चुना वापरून जुन्या गॉथिक पद्धतीने मनोरा उभारणे हे कौशल्याचे काम आहे, त्याबद्दल वाद नाही, आणि मनोऱ्याच्या आतले रंगवलेले छत सुंदर आहे. तरी एकूण परिणाम फार नीटनेटका, फार धुतलेला वाटतो. त्याच्या शेजारचा, ११२० ते ११४८ या काळात उभा राहिलेला नॉर्मन मनोरा मला अधिक भावला. आजही कॅथीड्रलच्या घंटा त्यातच वाजतात, आणि शतकानुशतके रस्त्याची पातळी चढत गेल्यामुळे त्याचा पाया आता खड्ड्यात असल्यासारखा दिसतो.

पण कोणाकडे एकाच देवळासाठी वेळ असेल तर त्याने सेंट मेरीजला जावे. हे पंधराव्या शतकातले देऊळ पेठेतल्या लोकर-कापडाच्या व्यापाऱ्यांच्या पैशावर सजले, आणि ते मठाच्या आवारातच उभे असले तरी त्यात मिरवतात ते पेठेचे लोक. मान वर केली की लाकडी छताच्या तुळयांवर पंख पसरलेल्या देवदूतांच्या जोड्या दोन रांगांनी निघालेल्या दिसतात. जॉन बॅरेट या १४६७ साली वारलेल्या व्यापाऱ्याने स्वतःच्या थडग्यावर स्वतःचा पुतळा न बसवता अस्थिपंजर प्रेत कोरून घेतले आहे. बरगड्या, खोबणीतले डोळे, कफनाच्या चुण्या, सगळे दगडात. आणि त्याच माणसाने वरच्या छताला बारीक आरशांचे तुकडे बसवलेल्या चांदण्या लावून घेतल्या. खाली उभे राहून डोके किंचित हलवले तरी त्यांतला एखादा चमकून जातो. आईने ती चमक हेरली, मला दाखवायला तिला तीन वेळा माझी हनुवटी धरून फिरवावी लागली. याच देवळात आठव्या हेन्रीची बहीण, फ्रान्सची राणी झालेली आणि नंतर सफकच्या ड्यूकशी लग्न केलेली मेरी ट्यूडर पुरलेली आहे. १५३३ साली ती वारली तेव्हा तिला मठात पुरले होते. भावाने मठ मोडल्यावर तिला इथे हलवले. तिचे थडगे इतके साधे आहे की वेदीच्या बाजूला कोपऱ्यात शोधावे लागते; खिडकीतली रंगीत काच व्हिक्टोरिया राणीने दिलेली आहे. प्रवेशशुल्क नाही. देणगीच्या पेटीत टाकावे.

मॉइझेस हॉल हे साधारण ११८० सालचे दगडी घर बाजाराच्या काठावर आहे आणि १८९९ पासून ते संग्रहालय आहे. त्याआधी ते तुरुंगही होते. तिकीट आहे. घड्याळांचा संग्रह पाहण्यासारखा आहे. मात्र गर्दी जमते ती रेड बार्न खुनाच्या दालनात: ‘रेड बार्न’ नावाच्या कोठारात प्रेयसीचा खून करणाऱ्या विल्यम कॉर्डरला १८२८ साली याच गावात हजारोंच्या समोर फाशी दिले गेले, आणि त्याच्या खटल्याचे एक पुस्तक त्याच्याच कातड्यात बांधून इथे काचेत ठेवले आहे. लहान मुलांना घेऊन जाणाऱ्यांनी विचार करून जावे. मला ते दालन बटबटीत वाटले, पण माझ्या नवऱ्याला तिथून ओढून आणावे लागले, हेही नमूद करते.

आता ज्या जागेसाठी मराठी माणसाने वाट वाकडी करावी ती: थिएटर रॉयल. १८१९ साली विल्यम विल्किन्स या वास्तुशिल्पीने ते बांधले. पुढे लंडनची नॅशनल गॅलरीही त्यानेच बांधली. १९२५ ते १९६५ या काळात नाटक बंद पडून शेजारच्या मद्यनिर्मितीच्या कारखान्याची पिंपे इथे साठवली जात होती. नंतर जीर्णोद्धार होऊन २००७ मध्ये ते मूळ रूपात खुले झाले. आणि फेब्रुवारी १८९२ मध्ये ‘चार्लीज आँट’ या प्रहसनाचा पहिला प्रयोग याच रंगमंचावर झाला. आचार्य अत्र्यांनी ज्याच्यावरून ‘मोरूची मावशी’ लिहिले आणि विजय चव्हाणांनी ज्यातली मावशी घराघरांत पोहोचवली, ते हे मूळ नाटक. दामोदर हॉल किंवा शिवाजी मंदिरात ज्यांनी मावशीचा प्रयोग पाहिला आहे त्यांना या नाट्यगृहाच्या अर्धगोलाकार, ठेंगण्या सज्ज्यांत बसताना काय वाटेल, हे सांगायला नको. दिवसा इमारत दाखवतात, पण संध्याकाळचा प्रयोगच पाहावा. नाट्यगृह लहान असल्यामुळे मागच्या रांगेतही नटाच्या भुवया दिसतात, आणि आवाज यंत्राशिवाय पोहोचतो. बाकडी मात्र १८१९ च्या माणसांच्या मापाची आहेत. उंच माणसाने कडेची जागा मागून घ्यावी. आम्ही गावात मुक्काम केल्याचा फायदा म्हणाले तो हाच. शेवटच्या गाडीची काळजी न करता नाटक पूर्ण पाहता आले.

‘नटशेल’ या मद्यालयाचे फोटो सगळेच काढतात. १५ फूट लांब आणि ७ फूट रुंद अशी ही खोली ब्रिटनमधल्या सर्वांत लहान मद्यालयांत मोडते, आणि १९८४ साली तिच्यात १०२ माणसे आणि एक कुत्रा कोंबून विक्रम केला गेला. १०५ चौरस फुटांचे एवढे कौतुक गिरगावातल्या चाळीत वाढलेल्या माणसाला कसे वाटावे? शनिवारी तिथे पाय ठेवायला जागा नसते. बाहेरून पाहून पुढे जावे. १७९९ पासून चालू असलेला ग्रीन किंग मद्यकारखाना बिअरच्या दर्दी लोकांसाठी ठीक. मला त्यापेक्षा गावाच्या बाहेरचा साखर कारखाना अधिक रंजक वाटला. तो १९२५ सालचा, आणि बीटापासून साखर काढणारा. सप्टेंबरपासून हिवाळाभर त्याचा गळीत हंगाम चालतो, धुराड्यांतून वाफेचे लोट निघतात आणि वारा तिकडून असेल तर गावात गोडसर, मातकट वास येतो. आत जाता येत नाही. तरी कोल्हापूर-सांगलीकडची माणसे या वासाने हरखतील.

खाण्याबद्दल थोडक्यात. शाकाहारी माणूस उपाशी राहत नाही, पण कंटाळतो: चीज घातलेले स्कोन, भाजलेल्या बटाट्यात चीज, भाज्यांचे सूप, पुन्हा चीज. बाजाराच्या दिवशी गाड्यांवर गरम पदार्थ मिळतात आणि तेच सर्वांत ताजे. भारतीय खाणावळी आहेत, पण इंग्लंडमध्ये अशा खाणावळी बहुधा बांगलादेशी मालकांच्या असतात, तेव्हा आमटी-भाताची आशा धरू नये. आम्ही पोहे, मेतकूट आणि तुपाची छोटी बाटली नेली होती. फोर्टात हिंडून थकल्यावर जसा इराण्याकडे टेकायला आसरा असतो, तसा इथे एंजल हिलच्या कडेच्या चहाच्या दुकानांत मिळतो. तिथे कोणी उठवत नाही.

चढ-उतार सौम्य आहे, पण काही गल्ल्या दगडी गोट्यांच्या आहेत आणि पावसात निसरतात. चाकाची खुर्ची बागेत व कॅथीड्रलमध्ये सहज जाते, अवशेषांच्या गवतात जात नाही. गाडीने येणाऱ्यांनी शनिवारी दहाच्या आत पोहोचावे. आणि दुसऱ्या दिवशी रविवारी निघणार असाल तर गाड्या कमी असतात, मार्गावर कामेही चालू असतात, म्हणून वेळापत्रक आदल्या रात्री पुन्हा पाहून घ्यावे.